तुब्रेनाची माणसं

पोपचा राजदूत व्हायचं तर आर्चबिशप असावं लागतं, आणि आर्चबिशप म्हटलं की धर्मप्रांत हवाच. म्हणून एर्सिलियोंच्या नावावर ट्युनिशियातलं तुब्रेना लावून दिलं होतं. हजार वर्षांपूर्वी उजाड झालेलं शहर. आता ना चर्च, ना भाविक.

हे काही त्यांच्या आईच्या गळी उतरेना. "माणसांशिवाय कसला रे तू बिशप?" जेल्त्रूदेबाई इटलीतल्या डोंगरगावातून फोनवर करवादायच्या. "तिकडे तुझी माणसं थंडीत कुडकुडत असतील, नि तू मंत्र्यांबरोबर मेजवान्या झोडतोयस!"

"अगं आई, तिथे नुसते दगड आहेत, दगड!"

"तू गेलायस कधी बघायला?"

गेले नव्हते. दर नाताळात बाई एक निळा स्वेटर विणायच्या आणि 'आर्चबिशपांची माणसं, मुक्काम तुब्रेना' असा पत्ता घालून पोस्टात टाकायच्या. एर्सिलियो कपाळावर हात मारून घ्यायचे.

वीस वर्षं, चार देश आणि दोन तह झाल्यावर त्यांना ट्युनिशियाचं दूतपद मिळालं. पहिल्याच आठवड्यात ते आपला धर्मप्रांत बघायला निघाले. पडक्या खांबांमधून शेळ्या चरत होत्या, आणि त्यांच्यामागे निळा स्वेटर घातलेला एक म्हातारा धनगर उभा होता.

"मी... इथला आर्चबिशप," एर्सिलियो चाचरत म्हणाले.

म्हाताऱ्याचा चेहरा खुलला.

"म्हणजे स्वेटरवाल्या बाईंचे चिरंजीव! या, या. आईंना सांगा, यंदा बाह्या जरा आखूड झाल्यात."