सही केलेलं मत

अठ्ठावन्न आणि अठ्ठावन्न. टेबलावर आता एकच मतपत्रिका उरली होती. नेत्राताई तिच्याकडे टक लावून बसल्या होत्या. त्यांच्या खुर्चीमागे त्यांचे यजमान शिशिरराव उभे होते. बायकोच्या शालीचं टोक आपण मुठीत घट्ट आवळलंय, याचा त्यांना पत्ताही नव्हता.

चंदीगडच्या सेक्टर एकोणपन्नासातल्या या हाउसिंग सोसायटीत चौदा वर्षं निवडणूक म्हणून झालीच नव्हती. दर खेपेला वॉचमन रजिस्टर घेऊन दारोदार फिरायचा. ‘बाजवासाहेब प्रेसिडेंट, सर्वानुमते’ एवढी एकच ओळ असायची आणि तिच्याखाली लोक मुकाट्यानं पूर्ण नावाची सही करायचे. न करून सांगतात कोणाला? उद्या टाकीचं पाणी आपल्याच मजल्याला आलं नाही तर? नेत्राताईंनी मात्र एकदा सही नाकारली आणि थेट हायकोर्ट गाठलं. सहा वर्षं तारखांवर तारखा झाल्या. शेवटी हुकूम निघाला: मतदान गुप्त होईल आणि एक निवृत्त न्यायाधीश निरीक्षक म्हणून समोर बसतील. बाजवांविरुद्ध उभं राहायला दुसरं कोणी धजेना, म्हणून नेत्राताई स्वतःच उभ्या राहिल्या. आज हरल्या की बाजवा आणखी पाच वर्षं बोकांडी.

निरीक्षकांनी शेवटची मतपत्रिका उघडली. शिक्का नेत्राताईंच्या नावापुढे होता, चांगला ठसठशीत.

“जिंकलीस गं,” शिशिरराव पुटपुटले.

पण निरीक्षकांच्या कपाळावर आठी पडली. शिक्क्याखाली मतदारानं सहीही ठोकली होती, पूर्ण नावानिशी. चौदा वर्षांची सवय, दुसरं काय.

बाजवा दाराशी फोनवर लाडवांची ऑर्डर देत होते. निरीक्षकांनी मतपत्रिका नेत्राताईंपुढे धरली आणि हिंदीत समजावलं, “नाव कळलं की मत गुप्त राहत नाही, म्हणून हे बाद होतं. तुमची हरकत असेल तर सही करणाऱ्याला बोलावून सगळ्यांसमोर विचारू. ‘माझंच मत’ म्हणाले, तर मोजू.”

नेत्राताईंनी सही वाचली. चष्मा पुसून पुन्हा वाचली. मग पत्रिकेवर तळहात ठेवला.

“बघतेस काय?” शिशिरराव कानाशी वाकले. “घे हरकत. बोलवू दे ज्याला बोलवायचं त्याला. मत तुझंच आहे.”

“ज्यानं दिलं त्याचं आहे ते, अहो,” नेत्राताई म्हणाल्या आणि पत्रिकेची घडी घालून त्यांनी ती निरीक्षकांना परत दिली. “बाद करा, सर. माझी हरकत नाही.”

बरोबरी झाली, म्हणून दोन चिठ्ठ्या टाकल्या गेल्या. निरीक्षकांनी एक उचलली. हॉलमधली माणसं खुर्च्यांवरून अर्धी उठली होती. नेत्राताईंनी डोळे मिटले.

नाव बाजवांचं निघालं.

लगेच हार आले, लाडू आले. बाजवा तर असे हसत होते की चिठ्ठी जणू स्वतःच्या हातानंच लिहिली होती. शिशिररावांचा संताप मावेना. “तोंडाशी आलेला घास घालवलास, नेत्रा. सहा वर्षं कोर्टाचे उंबरठे कशासाठी झिजवले आपण?” नेत्राताईंनी शालीच्या टोकानं डोळे टिपले.

तेवढ्यात लाडवांचं ताट घेऊन बाजवांच्या मिसेस आल्या. दहा पावलांवर नवरा हार घालून फोटो काढून घेत होता. त्यांनी तिकडे एकदा पाहिलं, नेत्राताईंच्या हातावर एकाऐवजी दोन लाडू ठेवले आणि ओढणीआडून हळूच म्हणाल्या,

“दीदी, मैंने तो आप ही को दिया था. पक्का रहे, इसलिए नीचे साइन भी कर दिया.”