मढ्याचा श्वास

पुठ्ठ्याच्या तलवारींचा तो जुना जादूचा सिनेमा दरवर्षी हाऊसफुल होतो, तो त्यातल्या चुकांमुळे. लढाईत मेलेल्या शिपायाचं पोट वरखाली होतं, तेव्हा अख्खं थिएटर ओरडतं, "अरे, मढं श्वास घेतंय!" सगळ्यात मोठ्यानं ओरडते ती कोपऱ्यातली आजी. शिपायाच्या भूमिकेत आहेत तिचे दिवंगत यजमान. घरी त्यांचा फोटो आहे, पण तो श्वास घेत नाही.

यंदा खुद्द दिग्दर्शक आले. "तुमच्या प्रेमाखातर कॉम्प्युटरवर एकूण एक चूक दुरुस्त केलीय!" टाळ्यांचा कडकडाट झाला. सिनेमा सुरू झाला. शिपाई पडला आणि त्याचं पोट जराही हललं नाही.

"आजी, आज ओरडला नाहीत?" शेजारणीनं विचारलं.

 

"काय ओरडू, बाई? आमचे हे आज गेले."