बापाचा सुरा

अमेरिकेतल्या मेन राज्याच्या एका बंदरात अंडी असलेली शेवंड (लॉब्स्टर) सापडली की पुन्हा कुणी धरू नये म्हणून तिच्या शेपटीला खाच पाडून समुद्रात सोडत. खाचवाली जो विकेल, त्याच्याशी साऱ्या गावाचं बोलणं बंद. तशीच एक सगळ्यांदेखत मेरिलच्या विकायच्या टोपलीत निघाली. तो धावत धक्क्यावरच्या कथायंत्रापाशी गेला. त्यात सांगावी ती गोष्ट खरी व्हायची. आधी खरं घडलेलं फक्त सांगणाऱ्याला आठवायचं. “टोपली ऑरिनची होती,” त्याने धाकट्या भावाचं नाव घेतलं. यंत्र घरघरलं. संध्याकाळी ऑरिन दारात आला. “दादा, मला कशी दुर्बुद्धी सुचली रे? थोबाडीत मार, पण बोल माझ्याशी.” त्याने बापाचा, खाच पाडायचा सुरा पुढे केला. “हा तू ठेव. माझी लायकी नाही.” यंत्र खिडकीतून दिसत होतं; खरं सांगायला एक वाक्य पुरलं असतं. मेरिलने मान खाली घालून सुरा घेतला. “जाऊ दे, माफ केलं तुला.”