प्रेमिलाबाईची सही

"नोटीस मिळाली होती, साहेब. ही बघा सही." जुन्या मालकाच्या नातवाच्या वकिलाने फाइल फिरवून टेबलावर ठेवली. "बाई सुनावणीला आल्याच नाहीत. म्हणून तर तेव्हाच्या अधिकाऱ्यांनी यांचं नाव उताऱ्यावरून खोडलं."

प्रेमिलाबाईने वाकून पाहिलं. प्रेमिला दादाजी. अक्षरं दमून बसल्यासारखी, पण खालची दोन टिंबं अगदी सरळ.

जुन्या मालकाकडून विकत घेतलेली, घराखालची हुडकेश्वरची ती जागा छत्तीस वर्षं तिच्या नावावर होती. रजिस्ट्रीच्या आधी पंधरा दिवस दादाजीने तिला पाटीवर नाव गिरवायला बसवलं होतं. "माह्या बायकोचा अंगठा नाही लागन कागदाले," म्हणाला होता. ती तेवढं नाव शिकली. पुढचं शिकवायचं राहून गेलं, आणि मग दादाजीही गेला.

"सही तुमचीच का?" अपील ऐकणाऱ्या साहेबांनी विचारलं.

"माही नाही तं काय तुमची हाये?"

कारकून हसला. सून रोशनी हसली नाही. ती सासूकडे बघत राहिली. दोन वर्षं घरात हेच ऐकलं होतं की नोटीस-फिटीस काही आली नाही, एक माणूस आला होता, नळाच्या मीटरचा कागद देऊन गेला.

"मग आला का नाहीत?"

प्रेमिलाबाईची वकील चिन्मयी अर्धी उठली. "साहेब, मुळात हा प्रश्नच…"

"तू बस वं. मले इचारलं त्यायनं."

चिन्मयी बसली. प्रेमिलाबाईने पदर खांद्यावर नीट केला.

"तो माणूस आला तवा शेजारीण ओट्यावर बसून होती. तिच्यापुढं मी चष्मा लावला, कागद धरला, मान हलवली, सही केली. काय लिहिलं हाये ते नाही इचारलं. कसं इचारू? मले वाचता येत नाही, साहेब. नाव तेवढं काढता येते."

वर पंखा कुरकुरत होता. रोशनीने दहा वर्षं ही सासू पाहिली होती. रोज सकाळी चष्मा लावून पेपर घेऊन बसणारी. कोणाच्या घरची पत्रिका आली की हातभर लांब धरून, "कागद किती हलका घेतला वं यायनं," म्हणणारी. रोशनीने मान खाली घातली.

कारकुनाने जबानीत लिहून घेतलं, निरक्षर.

मग चिन्मयी उभी राहिली. "साहेब, नोटीस पोचली असो की नसो. छत्तीस वर्षं जुनी नोंद एका अर्जावर खोडायचा अधिकारच त्या अधिकाऱ्यांना नव्हता. जागेचा मालक कोण, हे दिवाणी कोर्ट ठरवील. उतारे सांभाळणारं ऑफिस नाही."

साहेबांनी मान डोलावली. त्यांचं बहुधा आधीच ठरलं होतं. "बरोबर आहे. बाईंचं नाव परत लावा. नोटिशीत शिरायची गरजच नाही."

रोशनीने सासूचा हात दाबला. "आई, घर वाचलं."

प्रेमिलाबाई चिन्मयीकडे बघत होती. "म्हंजे मी बोलली नसती तरी?"

"तरी हेच झालं असतं, आजी. मी तेच सांगायला उठले होते."

"हं," प्रेमिलाबाई म्हणाली.

कारकुनाने हजेरीचा कागद पुढे केला. तिने टेबलावरचा पेन उचलला, बोटांत नीट बसवला. चिन्मयीने हलकेच तिचा हात धरला.

"आजी, आता अंगठाच. जबानीत निरक्षर लिहिलंय. सही केलीत तर ही माणसं उद्या कोर्टात तीच दाखवतील."

"रजिस्ट्रीवर सही हाये माही," प्रेमिलाबाई म्हणाली. कोणाला उद्देशून, ते कळलं नाही.

कारकुनाने निळ्या शाईचं पॅड सरकवलं. "डावा अंगठा, आजी."

पेनासाठी जुळवलेली तीन बोटं तिने एकेक करून उघडली.

बाहेर जिन्यावर रोशनीने आपल्या ओढणीचं टोक ओलं केलं. "द्या आई, पुसून देते."

"राहू दे." प्रेमिलाबाईने हात पदराखाली घेतला. दोन पायऱ्या उतरून ती थांबली. चष्मा काढला आणि सुनेच्या हातात दिला.

"पेपर येऊन पडला असन घरी. उद्यापासून मोठ्यानं वाचत जाय."