पाठीवरचा हात

"फोन ठेव, व्हर्लिन. आधी हे बघ," थॅड म्हणाला आणि पिशवीतली पांढरी जर्सी त्याने जेवणाच्या टेबलावर पालथी पसरली.

व्हर्लिनने फोन ठेवला नाही. कोचचा नंबर तिने काढूनच ठेवला होता. मानेच्या डॉक्टरांचं म्हणणं संघाच्या कानावर घालायचं, एवढंच बाकी होतं. ही मान आणखी एक दणका सोसणार नाही, असं डॉक्टर स्वच्छ म्हणाले होते. "उद्याचा शेवटचा सामना खेळतो आणि सोडतो," असं नवरा म्हणत होता. गेल्या वर्षीही तो हेच म्हणाला होता.

अकरा हंगाम थॅड गिद्री अमेरिकन फुटबॉलमध्ये फुलबॅक होता. चेंडू घेऊन पळणारा मागे. थॅडने त्याच्या पुढे धावायचं, समोरच्या माणसांच्या भिंतीत अंग झोकायचं आणि वाट करून द्यायची. टाळ्या मागच्याला, वळ थॅडला. ते वळ शेकता शेकता व्हर्लिनचे हात राठ झाले होते.

मागे असायचा लुशस बातिस्त. लुईझियानातला, त्यांच्याच गावचा. धावताना उजवा पंजा तो थॅडच्या पाठीवर टेकवायचा. पंजा जिकडे दाबेल तिकडे थॅड घुसायचा. त्या पंजाला करंगळी नव्हती, लहानपणी बोटीच्या दोरात तुटली होती.

"नऊ बोटांचा चोर," थॅड त्याला चिडवायचा.

"चेंडू निसटला तर त्या दहाव्याला विचार," लुशस म्हणायचा आणि व्हर्लिनच्या हातचा गम्बो रस्सा तिसऱ्यांदा वाढून घ्यायचा.

या वसंतात लुशस झोपेतच गेला.

"ही गेल्या रविवारची," थॅडने जर्सीवर बोट ठेवलं. "कपडे धुणारा बड थकला बिचारा. म्हणतो, पोरा, सगळा चिखल जातो, हा तेवढा जात नाही."

दोन खांद्यांच्या मधोमध चिखलाचा पंजा उमटला होता.

"लुशसच्या जागी आलेल्या त्या नव्या पोराचा असेल."

"तो हात लावत नाही गं. त्याला आवडतच नाही. तरी हा दर रविवारी येतो." थॅडचा आवाज उतरला. "मला कळतं, व्हर्ली. तो दाबतो, मी जातो, आणि पुढे वाट असते. नाहीतर या वयात मी उभा राहिलो असतो का? तू मोज. तूच मोज."

व्हर्लिन वाकली. अंगठा. मग एक, दोन, तीन. पुढे कोरं कापड.

इतकी वर्षं ज्याला वाढलं, त्याचा हात टेबलावर होता.

"पण हा फार वर आहे," ती म्हणाली. "तो तर कमरेच्या वर, इथे ठेवायचा."

"सरकतोय वर. दर सामन्याला थोडा थोडा. सामना संपला की माझी मान चोळून द्यायचा, आठवतं? मानेची काळजी आहे त्याला. तुझ्यासारखीच."

व्हर्लिन खिडकीबाहेर बघत राहिली. "वेंडेललाही मान होतीच की, थॅड."

वेंडेल क्राउस. समोरच्या संघातला, वाट अडवायला उभा असलेला कोवळा मुलगा. तीन वर्षांपूर्वी थॅड त्याच्यावर आदळला. धडक नियमातलीच होती, पण मुलगा उठला नाही. थॅड आणि व्हर्लिन त्याला बघायला इस्पितळात गेले तेव्हा त्याची आई नुसती त्याचा उजवा हात कुरवाळत होती. शेवटची दोन बोटं अजून चिकटपट्टीने एकत्र बांधलेली होती. बोटं मोडू नयेत म्हणून तशी बांधतात. "सोडू देत नाही," एवढंच आई म्हणाली. "म्हणतो, रविवारी परत लागेल." त्याचा रविवार आला नाही, त्याआधीच तो गेला.

"त्या पोरामागे कोणी नव्हतं," थॅड हळूच म्हणाला. "माझ्यामागे लुशस आहे."

व्हर्लिनने फोन उलटा करून टेबलावर ठेवला. थॅडने तिच्या कपाळावर ओठ टेकले आणि संघाबरोबर हॉटेलात मुक्कामाला निघून गेला.

रविवारी सरोवरावरून वारा येत होता आणि बर्फ भुरभुरत होतं. खेळाडूंच्या बायकांच्या रांगेत व्हर्लिन मांडीवर ती जर्सी घेऊन बसली होती. सामना संपत आला होता. गोलरेषा हातभर दूर. आता काय होणार हे सगळ्या प्रेक्षकांना ठाऊक होतं: पुढे थॅड, मागे चेंडू. लोक उभे राहिले.

"तुझा म्हातारा आज बैल झालाय गं," शेजारची म्हणाली.

"त्याला ढकलणारा आहे," व्हर्लिन हसली.

थॅड वाकला. नवा मुलगा त्याच्या बराच मागे उभा होता. तरी थॅडचे खांदे किंचित सैल झाले. लुशसचा पंजा टेकला की व्हायचे, तसेच. त्याने मागे न बघता मान डोलावली.

व्हर्लिनचे डोळे भरून आले. तिने हातमोजा काढला आणि लुशसचा हात हातात घ्यावा तसा आपला पंजा त्या ठशावर ठेवला. बर्फाच्या उजेडात चिखलाची रेघ न रेघ दिसत होती. अंगठ्यावर अंगठा बसला. पहिलं बोट बसलं. मधलं बसलं. तिसरा ठसा मात्र रुंद होता. तिचं बोट त्याच्या अर्ध्यातच मावलं. तिने करंगळी शेजारी सरकवली.

दोन्ही बोटं, एकमेकांना चिकटून, नेमकी त्यात बसली. त्यांच्यावरून आडवी, चिकटपट्टीची बारीक वीण उमटलेली होती.

खाली मैदानात थॅडने मान खाली घातली आणि धाव घेतली.