श्रेणिकचं बाळंतपण

"आई गं! मेलो!" श्रेणिकनं खाटेची दांडी गच्च धरली.

शेजारच्या खाटेवर वृषाली बाळंत होत होती आणि मजेत चहाचे घोट घेत होती. दोघांच्या कपाळांवरच्या पट्ट्या एकाच तारेनं जोडलेल्या होत्या. कळा तिच्या, सोसायच्या यानं. बंदूक धरायला नकार देणाऱ्यांना युद्ध संपेपर्यंत हीच सेवा होती. आजवर त्यानं जखमी जवानांच्या वेदना घेतल्या होत्या; बाळंतपण मात्र पहिलंच.

"दादा, जोर मी लावते, तुम्ही नुसतं ओरडा," कप खाली ठेवत वृषाली हसली.

तिची आई सोनाक्का कोपऱ्यात उभी होती. सकाळीच तिनं श्रेणिकला सुनावलं होतं, "माझा जावई तिकडं लढतोय, आन् तू हितं बांगड्या भरून बसलाईस."

श्रेणिकनं शेवटची आरोळी ठोकली आणि पाठोपाठ बाळ रडलं. मुलगी! घामानं निथळत तोही हसत सुटला.

सोनाक्कानं डबा उघडला. डिंकाचा एक लाडू लेकीला भरवला, दुसरा श्रेणिकला. मग पिशवीतून रुमाल काढून तिनं आधी त्याचेच कान घट्ट बांधले.

"वारं लागंल," ती दरडावून म्हणाली. "ओली बाळंतीण हाईस तू."