सप्त्याची रजा

"हे सूतगिरणीत लागले दोन हजार आठला. त्याआधी इथं नव्हतेच," गिरणीचे वकील म्हणाले. टोपी मांडीवर धरून सखाहरी बोरुडे समोर बसले होते. त्यांची पंधरा वर्षं त्या एका वाक्यात गेली, आणि तेवढ्या वर्षांची ग्रॅच्युइटीही.

"शिवाय माणूस कामचुकार. दरसाल गावचा सप्ता आला की आठ दिवस गायब." वकिलांनी गिरणीचे कारकून देवढे यांच्याकडून रजेच्या अर्जांची फाइल घेतली आणि कामगार अधिकारी बाईंपुढे सरकवली.

सखाहरींना हे नाकारता येईना. सप्त्यात कीर्तनाच्या मागं टाळ धरून उभं राहिल्याशिवाय त्यांचं वर्षच सरत नसे. पण बिनपगारी रजेचा अर्ज दिल्यावाचून ते कधी गेले नव्हते.

पानं उलटत बाई अगदी तळाशी पोहोचल्या. "हा अर्ज त्र्याण्णवचा आहे. मंजूर, खाली मॅनेजरची सही. वकीलसाहेब, हे गिरणीत नव्हतेच, तर रजा कुणाकडं मागत होते?"

वकील फाइल परत मागू लागले. बाईंनी ती हाताखाली दाबून ठेवली आणि त्र्याण्णवपासूनची ग्रॅच्युइटी व्याजासकट तीस दिवसांत देण्याचा हुकूम लिहायला घेतला.

व्हरांड्यात सखाहरींनी देवढ्यांना गाठलं. "भाऊसाहेब, इतके जुने अर्ज तुम्ही कशाला आणलेत?"

"वकिलांनी गेल्या पाच वर्षांचेच मागितले होते, बुवा."

"मग?"

देवढ्यांनी पिशवी काखेला लावली. "पुढच्या मार्चला मीही निवृत्त होतोय."